बाबांच्या वाटेची गाणी

बाबा सकाळी शाळेत गेले आणि दुपारी वर्गातच गेले. भूगोलाचा तास होता. फळ्यावर कृष्णेचं खोरं काढत होते, निळ्या खडूने एकेक उपनदी दाखवत होते, आणि पंचगंगेपर्यंत येऊन खाली बसले. मुलांना वाटलं, खडू पडला म्हणून वाकलेत. शाळेच्या शिपायाने आणि दोन शिक्षकांनी त्यांना रिक्षातून मंगळवार पेठेतल्या आमच्या घरी आणलं तेव्हा त्यांच्या उजव्या हाताची बोटं निळी होती. आईने रडारड केली नाही. तांब्यात पाणी घेतलं आणि ती बोटं धूत बसली. रंग नखांत गेला होता, तो शेवटपर्यंत निघाला नाही.

हे सत्त्याहत्तर सालच्या जानेवारीतलं. मी नुकतीच कॉलेजात जायला लागले होते. दादा माझ्याहून चार वर्षांनी मोठा, बी.एस्सी.ला होता, पण त्याचं खरं लक्ष गिटारीत.

बाबा गेल्यावर रोज दुपारी गुरुजी यायचे आणि पुढच्या खोलीत पुराण वाचायचे. मेलेल्या माणसाला पुढे कुठल्या वाटेने जावं लागतं, ते त्यात होतं. माणूस अंगठ्याएवढा होतो. यमाचे दूत त्याला दोरीने ओढत नेतात. वाटेत सावली नाही, पाणी नाही, वाळू तापलेली. मध्ये एक रक्ता-पुवाची नदी. गावामागून गावं लागतात, पण थांबता येत नाही. असं वर्षभर चाललं की मग यमाचं नगर. तोपर्यंत घरची माणसं महिन्याच्या महिन्याला जे देतील तेवढंच त्याच्या पोटात जातं. गुरुजी हे सगळं सपाट आवाजात वाचत. काका डुलक्या काढत. आई भिंतीकडे बघत बसे. दादा मात्र एकेक शब्द ऐकत होता. मी त्याला पहिल्यांदाच एखादी गोष्ट इतक्या लक्ष देऊन ऐकताना बघत होते.

शेवटच्या दिवशी दानं द्यायची होती. वाटेवर उपयोगी पडावी म्हणून छत्री, पाण्याचा तांब्या, कंदील आणि चपला. चपला काकांनी बाजारातून आणल्या होत्या. दादाने एक उचलून उलटी केली.

"गुरुजी, ही सात नंबरची आहे. बाबांना नऊ लागतो."

"नंबर बघायचा नसतो, बाळ. भावना बघायची."

"पण चालायचं त्यांना आहे ना."

काका त्याच्यावर डाफरले. बाबांच्या उजव्या टाचेला कुरूप होतं. ते थोडे लंगडत चालायचे, आणि चप्पल घट्ट असली की घरी येऊन आधी टाच गरम पाण्यात धरून बसायचे. हे काकांनाही माहीत होतं. दुसऱ्या दिवशी दादा एकटाच बाजारात गेला, नऊ नंबरचा जोड घेतला आणि गुरुजींच्या घरी नेऊन दिला. गुरुजींनी तो ठेवून घेतला.

दादाचा एक बँड होता. आमच्याकडे त्याला ऑर्केस्ट्राच म्हणत. गणपतीत आणि लग्नात ते सिनेमाची गाणी वाजवायचे. ड्रम वाजवणारा त्याचा मित्र शाहूपुरीतल्या गुळाच्या अडत्याचा मुलगा, लिंगायत, मूळचा निपाणीकडचा. त्यांच्या घरात निम्मं कानडी चालायचं. तो बाबांचा विद्यार्थी होता आणि भूगोलात दोनदा नापास झाला होता. बास गिटार वाजवणारा आजऱ्याचा, हॉस्टेलवर राहायचा. त्याची गिटार मिरजेच्या एका सतारी करणाऱ्याने चित्र बघून बनवून दिली होती, त्यामुळे तिच्यावर वेलबुट्टी होती. अॅम्प्लिफायर मांडववाल्याचा.

आजऱ्याच्या मुलाचा मामा बोटीवर स्वयंपाकी होता. तो एकदा परदेशातून एक लाँग प्ले रेकॉर्ड घेऊन आला. तिच्या दोन्ही बाजूंना मिळून एकच गोष्ट होती, एक माणूस घर सोडून निघतो त्याची. एक गाणं संपायच्या आत दुसऱ्यात शिरायचं. अडत्यांच्या घरातल्या रेडिओग्रामवर ही मुलं ती झिजेपर्यंत ऐकत होती. शब्द निम्मे कळत नव्हते. पण एका माणसाबरोबर इतका वेळ चालत राहता येतं, हे दादाच्या डोक्यात बसलं असावं.

बाबा गेल्यावर त्याने शिमग्यापर्यंत गिटारीला हात लावला नाही. मग एके दिवशी तो अडत्यांच्या गुळाच्या वखारीत गेला, तिथे त्यांचा सराव चालायचा, आणि बँडमधल्या दोघांना म्हणाला, "आपण आपली एकच गोष्ट बसवायची. बाबांच्या वाटेची. ते वर्गातून उठतात तिथून सुरू."

मी तेव्हा तिथे होते. दादाला जेवायला बोलवायला गेले होते. ड्रमवाला म्हणाला, "आमच्यात असलं चालणं-बिलणं न्हाय बघ. आमचा अज्जा गेला, त्याला मांडी घालून बसिवला खड्ड्यात, हातात लिंग दिलं आन् माती लोटली. लिंगैक्य झाला म्हंत्यात. कुठं जायाचं न्हाय, यायाचं न्हाय."

"म्हणजे तो अजून तिथेच बसलाय?"

"बसलाय न्हाय. मिळालाय."

"बाबांना तसं बसवलं असतं तर बरं झालं असतं," तो म्हणाला. थट्टेने नाही.

मग ड्रमवाल्याने काठ्या उचलल्या. "बरं, ते जाऊ दे. सर चालायचं कसं? असंच की न्हाय?" आणि त्याने मोठ्या ड्रमवर एक जड ठोका दिला, मग एक हलका, जरा उशिरा पडणारा. जड, हलका. जड, हलका. ती बाबांची चाल होती. मला तिथे उभं राहवेना. मी परत घरी आले आणि आईला सांगितलं की दादा नंतर जेवणार आहे.

पावसाळ्यात वखार रिकामी असायची. गुऱ्हाळं बंद, गूळ संपलेला, नुसता वास उरलेला. फरशी चिकट होती, पाय उचलला की चप्पल मागे राहायची. गांधीलमाश्या फिरायच्या. कडेला रिकाम्या पोत्यांचे ढीग होते, त्यांच्यामुळे आवाज बाहेर जात नसे. तिथे संध्याकाळी ही गाणी बसली. माझा आवाज बरा होता म्हणून दादाने मलाही ओढलं. काकू आईला म्हणाली, "वर्ष सरलं नाही अजून, आणि पोरगी वखारीत गाणी म्हणायला जाते?" आई म्हणाली, "भाऊ आहे बरोबर." तिने एवढंच बघितलं होतं की दादा परत जेवायला लागलाय.

एका गाण्यातून दुसऱ्यात जायचं, मध्ये थांबायचं नाही. पहिलं वर्गातलं. मग पहिली दुपार. त्यात दादा म्हणायचा,

"वाट आहे, सावली नाही,
पाय आहेत, वजन नाही."

त्याच्या मागे तो लंगडा ठोका चालू राहायचा. नदीच्या गाण्यात शब्दच नव्हते. आजऱ्याचा मुलगा बासच्या जाड तारेवरून नख ओढत न्यायचा आणि गिटार मध्येच किंचाळून गप्प व्हायची. माझं गाणं होतं "महिन्याचा भात". त्यात घर बोलत होतं. आज भात ठेवलाय, तूप घातलंय, मीठ घातलं की नाही आठवत नाही, तुला पोचला का. चाल अगदी साधी, आई देवापुढे म्हणते तशी. ते म्हणताना मला कधी रडू आलं नाही. गाताना मला बाबा खरंच कुठेतरी जेवताना दिसायचे, घाईघाईने, उभ्याने.

भीती वाटावी असं तेव्हा काही नव्हतं. दादा हसायचा, ठोका चुकला की ड्रमवाल्याला शिव्या घालायचा. बाबा गेल्यापासून घरात जे कुणी बोलत नव्हतं ते आम्ही वखारीत मोठ्याने म्हणत होतो. त्या महिन्यांत मला बरं वाटत होतं.

दिवाळीनंतर रेकॉर्डिंग झालं. गावातल्या एका जुन्या सिनेमाच्या स्टुडिओत फारसं काम उरलं नव्हतं. तिथले ध्वनिमुद्रक म्हातारे गृहस्थ होते, त्यांनी एक दुपार आम्हाला दिली. भिंतींना लावलेल्या जाजमांवर धूळ होती. त्यांनी माइक कसे ठेवायचे ते बघितलं, मला एक पाऊल मागे उभं केलं आणि काचेमागे जाऊन बसले. आम्ही सगळं सलग वाजवलं. शेवटची गिटार थांबली तरी ते यंत्र बंद करीनात.

"पुढे?" त्यांनी आतून विचारलं.

"पुढचं व्हायचंय," दादा म्हणाला. "पोचल्याचं गाणं राहिलंय."

"मग रीळ ठेवतो शिल्लक. झालं की या."

ते गाणं झालं नाही. दादाने किती वेळा सुरू केलं असेल. कधी वेशीपासून, कधी यमापासून, कधी बाबांना तिथे कुणीतरी पाण्याचा पेला देतंय असं. दोन ओळी झाल्या की तो गिटार खाली ठेवायचा. ड्रमवाला म्हणाला, "काय बी घाल की. दार उघडलं, आत गेलं, संपलं." दादा म्हणाला, "मला ते दार दिसतच नाही रे. वाट सगळी दिसते. बारीकसारीक दगडसुद्धा. दार नाही दिसत."

जानेवारीत वर्षश्राद्ध झालं. गुरुजींनी पिंड एकत्र केले आणि म्हणाले, "आता पोचले. आता ते पितरांत मिळाले." दादाने विचारलं, "कशावरून?" गुरुजी म्हणाले, "शास्त्र आहे." दादाने मान हलवली आणि पुढचं सगळं सांगतील तसं केलं.

फेब्रुवारीत कॉलेजच्या गॅदरिंगला त्यांनी ती गाणी वाजवली, आणि मीही गायले. पोरं सिनेमाच्या गाण्यांची वाट बघत होती. पहिल्या गाण्याला शिट्ट्या झाल्या, कुणीतरी मागून "मास्तर, घंटा झाली" म्हणून ओरडलं. नदीच्या गाण्यापाशी सगळे गप्प झाले. ते आवडलं म्हणून होतं की घाबरून, मला आजही सांगता येणार नाही. शेवट नव्हता, म्हणून दादाने तो लंगडा ठोका हळूहळू बारीक करत नेला आणि ऐकू येईनासा झाल्यावर दिवे घालवायला सांगितले.

आई पुढच्या रांगेत होती. बाबांच्या शाळेतले शिक्षक तिला घेऊन आले होते. कार्यक्रम झाल्यावर गणिताचे सर दादाच्या खांद्यावर हात ठेवून म्हणाले, "चांगलं केलंस रे. पण सरांना पोचवलं नाहीस." त्यांचे डोळे भरले होते. बोलायचं म्हणून बोलले असतील.

घरी आल्यावर आईने पातळ बदललं, स्वयंपाकघरात गेली, ताटं घेतली. दादा पाटावर बसला. वाढता वाढता ती म्हणाली, "वर्ष झालं. गुरुजींनी त्यांना पोचवलं. तू अजून चालवतोयस त्यांना. त्या टाचेनं."

तिने आवाज चढवला नाही. राग म्हणावा असंही काही नव्हतं त्यात. दादाने आमटीत कालवलेला भात तसाच ठेवला आणि उठला. आई नंतर ते वाक्य पुन्हा कधी बोलली नाही, पण ते बोलून झालेलं होतं.

त्यानंतर त्याचं जे झालं ते एका दिवसात झालं नाही. परीक्षेला बसला आणि कोरा पेपर देऊन आला. जेवायला बसला की मध्येच उठून ओसरीवर फेऱ्या मारायचा. मी विचारलं, "काय झालं?" तर म्हणाला, "मी बसलो की ते थांबतात. थांबले की मारतात त्यांना." मला वाटलं नवीन गाण्याचे शब्द आहेत. मी म्हटलं, "चांगलंय, लिहून ठेव." तो माझ्याकडे असा बघत राहिला, जणू मी कुणीतरी परकी आहे. मग रोज सकाळी तो मला सांगायला लागला की बाबा कुठवर आलेत. आज नदीच्या अलीकडे आहेत. आज परत मागे आणलं त्यांना. तांब्या हरवलाय. सांगणं इतकं साधं, की एखाद्या नातेवाइकाचं पत्र आल्यासारखं.

ड्रमवाला रोज संध्याकाळी यायचा आणि त्याच्याबरोबर चालायचा. रंकाळ्याला एक फेरी, दोन फेऱ्या. दादा थांबला तर हा थांबायचा, निघाला तर निघायचा. एकदा मी दारातच त्याला विचारलं, "काय बोलतो तुझ्याशी?"

"काय न्हाय. ठोका मोजतोय." मग खाली बघत म्हणाला, "मी तो ठोका काढायलाच नको हुता."

"तू नसता काढलास तरी त्याला तो ऐकूच येत होता," मी म्हटलं. ते खरं होतं.

वैशाखात एका दुपारी जेवणं झाल्यावर दादा घरात नव्हता. चपला दारात होत्या. आम्ही पेठेत शोधलं, वखारीत शोधलं, नदीवर माणूस पाठवला. नदीवर माणूस गेला आहे म्हटल्यावर आई खाली बसली. उन्हं कलल्यावर एक बैलगाडी दारात आली. गाडीवाला कळंब्याकडचा शेतकरी होता. त्याने काकांना विचारलं, "पावणं, ह्ये पोरगं तुमचंच काय? तळ्याच्या बांधावर पडलतं. पायाची कातडी निघालीया सगळी. पाणी देतोय तर पिईना. म्हंतंय, मला प्यायची परवानगी न्हाय."

दादा गाडीत कडब्यावर पडला होता. डोळे उघडे. कळंब्याच्या डांबरी रस्त्याने तो भर दुपारी अनवाणी गेला होता. तळवे मी बघितले आणि पुन्हा बघू शकले नाही. आईने त्याचं डोकं मांडीवर घेतलं आणि तोंडाशी पेला धरला. त्याने ओठ मिटले. ती म्हणाली, "मी देते परवानगी. पी." तेव्हा तो थोडं प्याला. गाडीवाल्याला काका काही देऊ लागले तर तो म्हणाला, "नको. पोराला सांभाळा." आणि बैल वळवून निघून गेला.

अशा वेळी घराघरांत जे होतं तेच आमच्याकडेही झालं. आधी वाडीला नेलं. दत्ताच्या दारात असे पुष्कळ आणलेले असत, कुणी खांबाला धरून घुमत, कुणी नुसते बसलेले. दादा घुमला नाही. प्रदक्षिणा मात्र थांबवेना. तळव्यांच्या पट्ट्या रक्ताने भरल्या तरी चालत होता, आणि बघणाऱ्या बायका हात जोडत होत्या, त्यांना ती भक्ती वाटत होती. आईनेच शेवटी ठरवलं. "इथं याला आणखीच चालायला मिळतंय," ती म्हणाली, आणि आम्ही त्याला मिरजेला डोक्याच्या डॉक्टरांकडे नेलं.

त्याला शॉक दिले. डॉक्टर सज्जन होते. त्यांनी आईला आधी नीट सांगितलं होतं, त्रास थांबेल, झोप लागेल, पण मागचं थोडं पुसलं जाईल. काही परत येईल, काही येणार नाही. आईने विचारलं, "चालणं थांबेल ना?" ते म्हणाले, "थांबेल." ती म्हणाली, "मग द्या."

आम्ही एसटीने त्याला भेटायला जायचो. प्रत्येक खेपेला तो थोडा जाड झालेला असायचा आणि थोडा लांब गेलेला. घरी आला तो दिवाळीच्या आधी. पाय बरे झाले होते. खुर्चीत बसवलं की बसून राहायचा. विचारलेल्याला उत्तर द्यायचा. त्याला मी ठाऊक होते, आई ठाऊक होती, बाबा गेले हेही ठाऊक होतं. "हो, वर्गात गेले ते," म्हणायचा, पेपरातली बातमी सांगितल्यासारखं. गिटार खोलीत कोपऱ्यात होती. तिच्याकडे तो कपाटाकडे बघावं तसा बघायचा.

भाऊबीजेच्या दुपारी ड्रमवाला टेपरेकॉर्डर घेऊन आला. स्टुडिओतल्या म्हाताऱ्यांनी रिळावरून कॅसेट करून दिली होती. मी त्याला स्वयंपाकघरात नेऊन म्हटलं, "नको लावू. परत सुरू झालं तर?" तो म्हणाला, "डाक्तरला इचारून आलोय. आन् न्हाय लावलं तर आमी तरी कसं ऱ्हायाचं? तिघांचं हाय की ते." आई चूल पुसत होती. ती म्हणाली, "लावू दे."

दादा ऐकत होता. वर्गाचं गाणं, पहिली दुपार, नदी. चेहऱ्यावर काही नव्हतं. मी त्याच्या पायांकडे बघत होते. पाय हलले नाहीत. माझं गाणं सुरू झालं तेव्हा तो पहिल्यांदा बोलला.

"मुलगी छान म्हणते."

"मीच आहे ती, दादा."

"तू होय?" तो खरंच खूश झाला. "आणि गिटार कुणाची?"

ड्रमवाला म्हणाला, "तुझी रं."

दादाने डाव्या हाताची बोटं अंगठ्याने चाचपून बघितली. तारांनी पडलेले घट्टे केव्हाच गेले होते. मग पुन्हा ऐकू लागला. शेवटी ठोका बारीक होत गेला आणि नुसती टेपची खरखर उरली. तो वाट बघत राहिला. बराच वेळ.

"हे अर्धंच आहे का?" त्याने विचारलं.

ड्रमवाल्याने बटण दाबलं. "न्हाय. एवढंच हाय."

"बरं," दादा म्हणाला, आणि चकलीची बशी जवळ ओढली.

ड्रमवाला मागच्या दारी गेला आणि हौदाच्या कठड्यावर डोकं टेकून रडला. मी त्याच्याजवळ उभी राहिले. मला त्याच्यासारखं रडू आलं नाही. राग आला होता. डॉक्टरांवर नाही, आईवर नाही, बाबांवर. तास संपेपर्यंत थांबता आलं नाही का तुम्हाला, असलं काहीतरी वेड्यासारखं मनात येत होतं. एका माणसाला बरं करताना त्याच्यातला एक माणूस काढून घ्यावा लागला होता, आणि तो काढलेला कुणी जपून ठेवला नव्हता. आईला मी हे एकदा बोलून दाखवलं. ती म्हणाली, "झोपतो ना रात्री? मला पुरे."

आजऱ्याचा मुलगा पुढे मामाच्या ओळखीने बोटीवर गेला. पहिली दोन वर्षं कुठल्या कुठल्या बंदरांतून कार्डं आली, मग नाही आली. ड्रम एका बँड पार्टीला गेले. मला स्थळं यायची आणि चौकशी करून परत जायची. भावाचं कळलं की पत्रिका जमेनाशी व्हायची. मी डी.एड. केलं, बाबांच्याच संस्थेत मुलींच्या शाळेत लागले. गाण्याचा तासही माझ्याकडेच असायचा. मुलींना समूहगीतं बसवून द्यायचे. एकटीने म्हणायचं मला पुन्हा जमलं नाही, आणि जमवावं असंही वाटलं नाही.

दादाला ड्रमवाल्याने आपल्या अडतीत ठेवून घेतलं. त्याचे वडील आधी तयार नव्हते. लिलावाच्या गर्दीत असा माणूस कशाला, म्हणाले. हा म्हणाला, "अप्पा, त्यो न्हाय तर मी बी न्हाय." मग त्यांनी हो म्हटलं. गुळाच्या ढेपांवर खुणा करायच्या, काट्यापाशी उभं राहायचं, असं काम दादा करायचा. चूक करत नसे. घाईही करत नसे. सौद्याच्या वेळी सगळे ओरडत असताना तो मधोमध उभा असायचा, हाताला गूळ लागलेला, आणि दुपारी डबा आला की सगळ्यात आधी जेवायला बसायचा.

आई पंच्याऐंशी साली गेली. शेवटच्या आजारात एकदा ती त्याला जवळ बसवून म्हणाली, "तू गिटार फार छान वाजवायचास."

"हो," दादा म्हणाला, "असं म्हणतात सगळे."

तिने त्याचा हात हातात घेतला आणि दुसऱ्या कुशीवर वळली.

त्यानंतर घरात आम्ही दोघंच. रोज सकाळी ड्रमवाला स्कूटर घेऊन दारात यायचा. त्याचं लग्न झालं होतं, मुलं होती, पोट सुटलं होतं, अडत आता तोच बघत होता. दादा मागे बसायचा, दोन्ही हात मांडीवर ठेवून. संध्याकाळी तसाच परत. इतक्या वर्षांत पाऊस असो, सण असो, त्याने चुकवलं नाही. एकदा मी त्याला म्हटलं, "किती करतोस तू त्याचं. आता त्याची सोय मी दुसरी बघते."

तो स्कूटरवरून उतरला नाही. "सोय कसली करतीस? अडतीत मला तरी दुसरं कोण हाय बोलायला?"

"तो तर काही बोलत नाही."

"म्हणूनच की," तो म्हणाला, आणि दादा नीट बसलाय का ते मागे हात लावून बघितलं.